पासपोर्ट नाझरच्या कपाटात : मिरजेच्या एका मुलीचं प्रकरण

विभक्त राहणाऱ्या आईवडिलांमध्ये मुलाच्या पासपोर्टवरून जे जे गोंधळ होतात, ते बहुतेक सगळे या एकाच फायलीत सापडतात, म्हणून ती लिहून काढते आहे. मुलगी आठ वर्षांची, आई मिरजेची, वडील विट्याचे. मी आईच्या बाजूची वकील. माझं माप थोडं तिकडे झुकणार, हे वाचणाऱ्याने धरून चालावं. नावं दिलेली नाहीत आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. घटस्फोट आणि मुलीचा कायमचा ताबा हे मुद्दे अजून कोर्टात आहेत. इथे फक्त पासपोर्टपुरतं.

घर आणि दुकान

विटा, खानापूर, आटपाडी भागातल्या घरटी एकाचं तरी गलाईचं दुकान बाहेरच्या राज्यात असतं असं म्हणतात, आणि त्यात फार अतिशयोक्ती नाही. सोनं-चांदी आटवून शुद्ध करायचं काम. या मुलीच्या वडिलांचं दुकान कोइमतूरला. आई जीएनएम (नर्सिंगचा डिप्लोमा) झालेली नर्स, मिरजेच्या एका खासगी हॉस्पिटलात नोकरीला होती. 2015 साली लग्न झालं तेव्हा नोकरी सोडून ती कोइमतूरला गेली. खाली दुकान, वर दोन खोल्या. खाली तेजाबाचा धूर, वर स्वयंपाकघर. भाषा येत नाही, माणूस दिवसभर दुकानात, आणि नोकरी करायची म्हटलं की विट्याहून थोरल्या दिरांचा फोन. 2017 मध्ये मुलगी झाली ती मिरजेत, माहेरी. 2021 मध्ये आई मुलीला घेऊन मिरजेला आली ती परत गेलीच नाही.

मारहाण, हुंडा असलं काही या प्रकरणात नाही. मला हे मुद्दाम नोंदवावंसं वाटतं, कारण समोरचा पक्ष खलनायक असला की कायद्याचे प्रश्न सोपे वाटू लागतात. इथे तसं नाही. वडील दर रविवारी मुलीला फोन करतात, दिवाळीला भेटतात, शाळेची फी कधी भरतात कधी नाही. 2022 मध्ये त्यांनी विट्याच्या कोर्टात बायकोने नांदायला यावं म्हणून हिंदू विवाह कायद्याच्या कलम 9 खाली अर्ज केला. 2023 मध्ये आईने सांगलीला घटस्फोटाचा आणि ताब्याचा अर्ज केला. मुलीच्या ताब्याबद्दल कोणत्याच कोर्टाचा अंतरिम आदेशसुद्धा नव्हता. ती आईकडे होती, एवढंच.

त्यानंतर जर्मनी आली. नर्सेसना तिकडे मागणी आहे, हे मिरजेत आता कुणाला सांगावं लागत नाही. आईने ड्युटी सांभाळून जर्मन भाषेची बी-टू पातळी गाठली आणि एका हॉस्पिटलचं नियुक्तिपत्र मिळवलं. तिचा स्वतःचा पासपोर्ट आधीच निघालेला होता. त्याला नवऱ्याची सही लागते असा आपल्याकडे अजून पुष्कळांचा समज आहे. सज्ञान बाईला ती लागत नाही. डिसेंबर 2016 मध्ये परराष्ट्र मंत्रालयाने नियम सैल केले तेव्हापासून विवाह नोंदणीचा दाखलाही लागत नाही आणि विभक्त असल्यास जोडीदाराचं नाव देण्याची सक्ती नाही. प्रश्न मुलीच्या पासपोर्टचा होता.

एजंटने भरलेला फॉर्म

अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांखालच्या, मुलाच्या पासपोर्टसाठी आईवडिलांनी प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं. दोघांची संमती असेल तर अ‍ॅनेक्सर डी. एकाची संमती मिळालेली नसेल तर अर्ज करणाऱ्या पालकाने अ‍ॅनेक्सर सी द्यायचं. त्यात संमती का मिळाली नाही याचं कारण सांगायचं असतं आणि जबाबदारी स्वतःवर घ्यायची असते. 2016 च्या बदलानंतर ही प्रतिज्ञापत्रं साध्या कागदावर, स्वतःच्या सहीने चालतात. आईने गाठलेल्या एजंटने मात्र तिच्याकडून स्टॅम्पपेपरचे आणि नोटरीचे पैसे घेतले होते.

पैशाचं सोडून देऊ. एजंटने कारणाच्या जागी लिहिलं : पतीने सोडून दिले आहे, ठावठिकाणा माहीत नाही. आणि फॉर्मवर वडिलांच्या नावाचा रकाना रिकामा ठेवला.

दुसरी गोष्ट नियमात बसते. आई, वडील किंवा कायदेशीर पालक यांपैकी एकाचं नाव पुरतं, ही सोय त्याच 2016 च्या बदलांत आली आणि एकट्या आयांना तिचा मोठा आधार झाला. त्याच वर्षी मे महिन्यात दिल्ली उच्च न्यायालयानेही एका घटस्फोटित आईच्या प्रकरणात वडिलांच्या नावाचा आग्रह धरता येणार नाही असं म्हटलं होतं. पहिली गोष्ट मात्र सरळ खोटी होती. ज्याचा ठावठिकाणा माहीत नाही म्हणून लिहिलं, त्याच्याविरुद्ध हिने स्वतः कोर्टात अर्ज केला होता, त्यात त्याचा कोइमतूरचा पत्ता पिनकोडसकट दिला होता, आणि दर रविवारी त्याचा फोन हिच्याच मोबाइलवर येत होता.

वाईट याचं वाटतं की खोटं बोलायची गरजच नव्हती. अ‍ॅनेक्सर सी मध्ये अगदी हिच्यासारख्या परिस्थितीसाठी पर्याय आहे : घटस्फोटाचा किंवा ताब्याचा दावा प्रलंबित आहे आणि दुसऱ्या पालकाच्या वा कोर्टाच्या परवानगीशिवाय पासपोर्ट देऊ नये असा कोणताही आदेश कोर्टाने दिलेला नाही. तेवढं खरं लिहिलं असतं तर तिची बाजू पहिल्या दिवसापासून भक्कम होती. एजंटचा हिशेब वेगळा : कोर्टाचं नाव निघालं की फाइल अडकते, म्हणून कोर्टाचं नावच काढायचं नाही. मिरजेत काय, साताऱ्यात काय, पासपोर्टच्या फॉर्मबद्दल हा सल्ला सर्रास दिला जातो.

अर्ज सांगलीच्या पोस्टातल्या सेवा केंद्रात गेला. पोलीस चौकशी झाली, शेजारच्या दोघांच्या सह्या झाल्या. रिपोर्ट चांगला गेला, कारण चौकशीला आलेल्या हवालदारांनी राहण्याचा पत्ता आणि माणूस पाहिला. नवरा कुठे आहे हे त्यांनी विचारलं तेव्हा आजीने ‘तिकडं लांब असतात’ असं सांगितलं. आजी खोटं बोलली नाही.

रविवारचा फोन आणि हरकतीचं पत्र

वडिलांना कळलं मुलीकडूनच. पांढऱ्या पडद्यापुढे फोटो काढला, दात दाखवू दिले नाहीत, हे तिने रविवारी फोनवर कौतुकाने सांगितलं. पुढच्या आठवड्यात पासपोर्ट कार्यालयाला रजिस्टर पोस्टाने हरकतीचं पत्र गेलं. ते थोरल्या भावाने विट्याला बसून लिहिलेलं असावं, भाषा त्यांची होती. मी जन्मदाता बाप आहे, हयात आहे, माझा पत्ता हा. दोन कोर्टांत दावे चालू आहेत, ही त्यांची नंबरं. मुलगी परदेशी नेली तर पुन्हा दिसणार नाही. आणि सगळ्यात शेवटी एक ओळ : पत्नी नांदण्यास आल्यास आमची हरकत राहणार नाही.

कार्यालयाने फाइल थांबवली आणि आईला कळवलं की वडिलांची संमती किंवा सक्षम न्यायालयाचा आदेश सादर करावा. हे पत्र घेऊन ती माझ्याकडे आली. यात कार्यालयाचं फारसं चुकलं असं मला वाटत नाही. ज्या फायलीत आई म्हणते बाप बेपत्ता आहे आणि बाप दोन दाव्यांचे नंबर देऊन पत्र लिहितो, त्या फायलीवर कोणता अधिकारी डोळे झाकून सही करेल?

तिची पहिली मागणी होती हायकोर्टात जायची. तिच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक बातमी फिरत होती आणि ती खरी होती. जानेवारी 2025 मध्ये मुंबई उच्च न्यायालयात न्या. गिरीश कुलकर्णी आणि न्या. अद्वैत सेठना यांच्या खंडपीठासमोर एका सतरा वर्षांच्या मुलीचं प्रकरण आलं. अभ्यासदौऱ्यासाठी तिला जपानला जायचं होतं. आईवडिलांचा घटस्फोटाचा दावा चालू, वडिलांची हरकत, म्हणून पासपोर्ट अडलेला. आईने अ‍ॅनेक्सर सी दिलेलं होतं. खंडपीठाने सांगितलं की परदेशी प्रवासाचा हक्क हा घटनेच्या कलम 21 मधल्या व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग आहे, निव्वळ वडील संमती देत नाहीत म्हणून तो अडवता येणार नाही, आणि दोन आठवड्यांत पासपोर्ट देण्याचा आदेश दिला. 1978 च्या मनेका गांधी निकालापासून चालत आलेलाच हा विचार, पण अज्ञान मुलीच्या बाबतीत इतका स्वच्छ मांडलेला.

‘मॅडम, डिट्टो माझीच केस आहे,’ आई म्हणाली.

डिट्टो नव्हती. तिकडची मुलगी सतरा वर्षांची, स्वतःला काय हवं ते कोर्टाला सांगू शकणारी, ठरावीक दिवसांसाठी जाऊन परत येणारी. आणि आईचं प्रतिज्ञापत्र खरं. इकडे मुलगी आठ वर्षांची, जाणार ती राहायला, आणि प्रतिज्ञापत्रात पहिलंच वाक्य खोटं. हायकोर्टातल्या रिट याचिकेत स्वच्छ हातांनी, म्हणजे काही न दडवता, यावं लागतं. समोरच्या वकिलाने अ‍ॅनेक्सर सी आणि घटस्फोटाच्या अर्जातला पत्ता शेजारी शेजारी ठेवला असता की आमची याचिका तिथेच बसली असती. शिवाय पासपोर्ट कायदा, 1967 चं कलम 12 आहेच : खोटी माहिती देऊन किंवा महत्त्वाची माहिती दडवून पासपोर्ट मिळवण्याचा प्रयत्न केला तर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. समजा पासपोर्ट निघालाच असता, तरी माहिती दडवून घेतलेला म्हणून कलम 10 खाली तो जप्त किंवा रद्द होऊ शकला असता. मुलगी तिकडे शाळेत आणि पासपोर्ट रद्द, असा प्रसंग.

कलम 11 खालच्या अपिलाचाही विचार केला. पण अपील नकाराच्या आदेशावर असतं. नकार द्यायचा तर कलम 5 प्रमाणे कारणं लेखी नोंदवावी लागतात. आमच्या हातात नकार नव्हता, कागद आणा एवढंच सांगणारं पत्र होतं.

हायकोर्टाची वाट मी सांगलीच्या माणसाला पूर्वी लांबची म्हणून टाळायला सांगत असे. आता ते कारण उरलेलं नाही. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं आहे आणि सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणं तिथे चालतात. मिरजेहून सकाळच्या गाडीने जाऊन संध्याकाळी घरी. तरीही मी नको म्हणाले, आणि याचं मुख्य कारण प्रतिज्ञापत्रसुद्धा नव्हतं.

कारण असं की पासपोर्ट मिळूनही तिची मुलगी जर्मनीला जाऊ शकली नसती. दुसऱ्या पालकाची संमती किंवा ताब्याबाबतचा कोर्टाचा आदेश जर्मन व्हिसा मागताना द्यावा लागतो. म्हणजे जी सही ती पासपोर्टला टाळू पाहत होती, ती व्हिसाच्या खिडकीवर पुन्हा उभी राहणार होती. ‘मग पासपोर्ट कशाला भांडून घ्यायचा?’ असं तिनेच विचारलं, आणि माझ्या मते या प्रकरणाचं खरं काम तिथून सुरू झालं.

पासपोर्ट म्हणजे जाण्याची परवानगी, असं दोन्ही घरांनी धरलं होतं. आईला वाटत होतं तो हातात आला की सुटले. बापाला वाटत होतं तो अडवला की मुलगी राहिली. एकमेकांशी न बोलताही दोघांची चूक एकच होती. पासपोर्ट हे मुलीचं नागरिक म्हणून ओळखपत्र आहे. तिला देशाबाहेर कुणी, कधी, किती दिवस न्यायचं हा ताब्याचा प्रश्न, आणि तो पासपोर्ट अधिकारी ठरवत नाही. हे दोन अर्ज वेगळे केले तर पहिल्यावर भांडण उरतच नाही, असं माझं म्हणणं होतं.

सांगलीत, विजयनगरच्या कोर्टात

आधी घाण साफ केली. आईने पासपोर्ट कार्यालयाला स्वतःच्या सहीने पत्र दिलं की आधीच्या प्रतिज्ञापत्रातला मजकूर बरोबर नाही, पतीचा पत्ता आणि दोन्ही दावे अमुक अमुक. तिला हे पटायला वेळ लागला. कबूल केलं की आणखी अडकू असं तिला वाटत होतं. कार्यालयाने बोलावून खुलासा घेतला आणि कोर्टाचा आदेश आणल्यावर पुढे पाहू असं सांगितलं.

मग घटस्फोटाच्या अर्जात हिंदू विवाह कायद्याच्या कलम 26 खाली अंतरिम अर्ज दिला. मागणी दोनच : पासपोर्ट काढायला परवानगी, आणि तो निघाल्यावर कोर्टाच्या आदेशाशिवाय मुलीला देशाबाहेर नेणार नाही ही आईची हमी नोंदवून घ्यावी. जर्मनीला नेण्याची मागणी त्यात मुद्दाम केली नाही. माझ्या सहकाऱ्यांपैकी दोघांनी मला वेड्यात काढलं. न मागितलेली बंधनं आपणच का घालून घ्यायची? पण बंधन समोरच्याने मागितल्यावर घेण्यापेक्षा आधी देऊ केलेलं बरं. न्यायाधीशांना त्यावरून माणूस कळतो.

जाबदाराचं, म्हणजे वडिलांचं, म्हणणं आलं ते अपेक्षेप्रमाणे. हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायदा, 1956 च्या कलम 6 प्रमाणे पहिला नैसर्गिक पालक बाप, त्याच्या पश्चात आई. तेव्हा बापाच्या संमतीविना काही करता येत नाही. या मुद्द्याला 1999 पासून उत्तर आहे. गीता हरिहरन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ‘पश्चात’ची व्याप्ती वाढवली : बाप हयात असला तरी मुलाची देखभाल प्रत्यक्षात आईकडे असेल तर तीही नैसर्गिक पालक म्हणून वागू शकते. पाच वर्षांखालच्या मुलाचा ताबा सहसा आईकडे, ही त्याच कलमातली तरतूद आमच्या कामाची नव्हती, मुलगी मोठी होती. आम्ही ती मांडलीही नाही.

जड मुद्दा दुसरा होता आणि तो त्यांच्या वकिलांनी चांगला मांडला. मुलांच्या आंतरराष्ट्रीय अपहरणाबाबतचा 1980 चा हेग करार भारताने स्वीकारलेला नाही. जर्मनीने स्वीकारला आहे, पण दोन्ही देश त्यात असल्याशिवाय त्याचा उपयोग नाही. उद्या आईने मुलीला तिकडेच ठेवलं तर कोइमतूरच्या गलाईवाल्याने जर्मन कोर्टात, जर्मन वकील लावून, जर्मन भाषेत भांडायचं. हे खरं आहे. याला माझ्याकडे कायद्याचं उत्तर नव्हतं, फक्त अटींचं होतं.

आमच्या हातात मात्र हरकतीच्या पत्रातली ती शेवटची ओळ होती. बायको नांदायला आली तर हरकत नाही, याचा अर्थ हरकत मुलीच्या हितासाठी नाही. मुलीचा कागद हा बायकोला परत आणायचा दोर आहे. ताब्याच्या प्रत्येक प्रश्नात मुलाचं हित सर्वांत वर, हे त्याच 1956 च्या कायद्याचं कलम 13 सांगतं. न्यायाधीशांनी ती ओळ दोनदा वाचली आणि जाबदारांच्या वकिलांकडे पाहून विचारलं, ‘आणि नांदायला आली तर मग जर्मनी जवळ येते का?’ त्यानंतर प्रकरण मध्यस्थीला पाठवलं.

‘हितं माझं नाव कुठाय?’

मध्यस्थी केंद्रातली खोली लहान असते. टेबल एक, खुर्च्या पाच-सहा, भिंतीवर विधी सेवा प्राधिकरणाचं पोस्टर. वडील विट्याच्या थोरल्या भावाला घेऊन आले होते. मध्यस्थ मॅडमनी भावाला बाहेर बसायला सांगितलं. तो रागाने गेला. मला वाटतं त्या दिवसाचा सगळ्यात महत्त्वाचा निर्णय तोच.

वडील बराच वेळ एकच बोलत राहिले : ‘पोरगी एकदा इमानात बसली की आमी तिला कुठनं हुडकायची? मला इंग्रजी येत न्हाई, तर जर्मन कुठलं.’ आई टेबलाकडे बघत होती. मग मध्यस्थांनी पासपोर्टच्या अर्जाची प्रत पुढे सरकवली, म्हटलं, तुम्ही हे पाहिलंय का, यात काय आक्षेपार्ह आहे ते दाखवा. तोवर त्यांनी अर्ज पाहिलेलाच नव्हता. हरकत ऐकीव माहितीवर घेतलेली. तेजाबाने डागाळलेलं बोट त्यांनी एकेका रकान्यावरून खाली नेलं आणि रिकाम्या रकान्यावर थांबवलं.

‘हितं माझं नाव कुठाय?’

‘एजंट म्हणाला एकच नाव पुरतं,’ आई म्हणाली.

‘जन्मदाखल्यावर हाय की. शाळंत हाय. हितंच कसं न्हाई?’

यानंतर त्या बैठकीत जर्मनीचा विषय निघाला नाही. निघाला तो नावाचाच. अर्जात नाव घालणार का, खाडाखोड न करता नवा अर्ज करणार का, मुलीला उद्या कुणी विचारलं तर ती काय सांगणार. एका पालकाच्या नावाची सोय नवऱ्याने टाकलेल्या बाईसाठी मोलाची आहे, याबद्दल मला जराही शंका नाही. पण बाप दर रविवारी फोनवर आहे, दावा लढवतो आहे, तिथे ती सोय वापरली तर तो त्याला अपमान समजतो, आणि नंतरचे कायद्याचे सगळे मुद्दे त्या अपमानावर चढत जातात. नियमात बसतं म्हणून सगळ्या ठिकाणी करावं असं नाही. माझ्या पक्षकाराला हे मी बैठकीआधी सांगायला हवं असं कुणी म्हणेल. मी सांगितलं होतं, आणि ती म्हणाली होती की त्याला नावाचं काय पडलंय.

पुढच्या बैठकीत त्यांच्या वकिलांनी एक व्यवहारी शंका काढली. पासपोर्ट कोर्टात जमा केला, ठीक. पण उद्या हरवला म्हणून तक्रार देऊन दुसरा काढला तर? ही शंका बरोबर होती. कोर्टाच्या ताब्यात ठेवलेला पासपोर्ट हीच पुरेशी तटबंदी आहे असं समजून पुष्कळ आदेश होतात, आणि पासपोर्ट कार्यालयाला मात्र कुणी कळवतच नाही. म्हणून आदेशाची नक्कल कार्यालयाकडे पाठवायची आणि पुन्हा अर्ज आल्यास कोर्टाची परवानगी मागावी अशी विनंती त्यात करायची, हे ठरलं.

पुरशिस

संयुक्त पुरशिस, म्हणजे दोन्ही बाजूंनी मिळून कोर्टात दिलेलं लेखी निवेदन, दोन पानांची झाली. वडील हरकत मागे घेतील आणि अ‍ॅनेक्सर डी वर सही करतील. नवा अर्ज दोघांच्या नावाने होईल. पासपोर्ट आल्यापासून सात दिवसांत आई तो कोर्टात नाझरकडे (जमा झालेल्या वस्तू सांभाळणाऱ्या कर्मचाऱ्याकडे) जमा करेल. व्हिसासाठी किंवा प्रवासासाठी हवा असल्यास अर्ज देऊन, वडिलांना तीस दिवसांची नोटीस देऊन मागेल. कोर्टाच्या परवानगीशिवाय मुलीला देशाबाहेर नेणार नाही. रविवारी व्हिडिओ कॉल, मे महिन्याची अर्धी सुट्टी आणि दिवाळीचे चार दिवस मुलगी वडिलांकडे. सर्वोच्च न्यायालयाने 2020 मधल्या एका निकालात आईवडील दोघांचंही प्रेम मिळणं हा मुलाचा हक्क आहे, आणि भेट शक्य नसेल तिथे व्हिडिओ कॉलने तरी संपर्क ठेवावा असं म्हटलं आहे. रविवारचा मुद्दा त्याच धर्तीवर लिहिला. कलम 9 चा विट्याचा अर्ज त्यांनी मागे घेतला नाही. त्याबद्दल बोलायचंच नाही असं दोन्ही बाजूंनी ठरवलं होतं.

एका वाक्यावर दीड तास गेला. आम्ही लिहिलं होतं, ‘या पुरशिसीमुळे मुलीला परदेशी नेण्याबाबत जाबदाराची संमती आहे असा अर्थ होणार नाही.’ त्यांना हवं होतं, ‘जाबदाराचा विरोध आहे.’ शेवटी दोन्ही वाक्यं काढून ‘तो प्रश्न पुराव्यावर स्वतंत्रपणे ठरेल’ एवढं ठेवलं. पुरशिसीखाली आदेश झाला, नक्कल मिळायला अर्थातच वेळ गेला, आणि नव्या अर्जावर पासपोर्ट निघाला. अज्ञान मुलाचा पासपोर्ट पाच वर्षांचा किंवा अठरा वर्षं पूर्ण होईपर्यंत, यांत जे आधी येईल तोवरचा असतो. त्यामुळे कपाटात पडून राहिला तरी त्याची मुदत चालूच राहते, हे मी आईला सांगून ठेवलं आहे.

दरम्यान जर्मनीतल्या पहिल्या हॉस्पिटलची मुदत संपली. दुसरं पत्र आलं. तेव्हा तिने विचारलं, मी एकटी पुढे जाऊन मुलीला वर्षभर आजीपाशी ठेवलं तर? मी तिला सरळ सांगितलं की ज्या दिवशी ती विमानात बसेल त्याच्या दुसऱ्या दिवशी ताब्याचा अर्ज येईल. आई परदेशी, बाप भारतात, मुलगी आजीकडे, या चित्रात बापाची बाजू जड होते आणि मला त्यात वावगं काही दिसत नाही. तिने ते पत्रही लांबणीवर टाकून घेतलं.

आता मुलीला सोबत नेण्याच्या परवानगीचा वेगळा अर्ज चालू आहे. कोर्टाने शपथपत्रावर विचारलं आहे : राहायची जागा कोणती, मुलीची शाळा कोणत्या भाषेतली, वर्षातून किती वेळा आणणार, विमानाचं तिकीट कोण काढणार, आणि आई कामावर असताना मुलगी कुणाकडे. जाबदारांच्या वकिलांनी कँटीनमध्ये चहा घेताना मला सांगून ठेवलं आहे की उलटतपास शेवटच्या प्रश्नावरच होणार, रात्रपाळीवर. पुढच्या तारखेआधी तिकडच्या वॉर्डाचा ड्युटीचा तक्ता मागवायला मी आईला सांगितलं आहे.